दिवाणखाना, शांतता, एक मिनिट

माझ्या घरी चारशे बारा शांतता आहेत. सगळ्या टेपवर, पेट्यांमध्ये, तारीखवार लावलेल्या. लोकांना वाटतं, शांतता म्हणजे काही नसणं. तसं नसतं. कुठे फ्रिज कण्हत असतो, कुठे लांबचा रस्ता घोंगावतो, कुठे नुसत्या भिंती ऐकू येतात. माहितीपटाचं शूटिंग आटोपलं की ध्वनीवाला सगळ्यांना जागच्या जागी उभं करतो आणि त्या खोलीची एक मिनिट शांतता भरून घेतो. पुढे संकलन करताना दोन वाक्यांमधली भोकं बुजवायला ती लागते. त्या मिनिटात कोणी हलायचं नाही, खोकायचं नाही, दिग्दर्शकानेसुद्धा नाही. दिवसभर राज्य कॅमेरावाल्याचं असतं; हे एक मिनिट माझं. मी ते कधी सोडलं नाही, आणि त्यामुळेच ही सगळी भानगड झाली.

त्या चारशे बारांपैकी निम्म्याहून जास्त वीबके आस्मुसेनच्या फिल्मांमधल्या आहेत. वीबके मूळची उत्तरेची, डेन्मार्कच्या हद्दीजवळची. तिकडची माणसं दिवसाला नऊ वाक्यं बोलतात, आणि त्यातली चार हवामानावर असतात. अशा बाईने पन्नास वर्षं दुसऱ्यांना बोलतं करण्यात घालवली. पहिली फिल्म कचेऱ्यांमध्ये पहाटे झाडलोट करणाऱ्या बायकांवर होती. टीव्हीवाल्यांना ती फार आवडली. मग कोणाच्या तरी लक्षात आलं की त्यातल्या दोन बायका टीव्हीच्याच कचेरीत झाडतात, आणि तेवढा भाग लांबीच्या कारणास्तव गेला. नंतर वृद्धाश्रमावर एक केली. त्या आश्रमाला नवे पडदे मिळाले. कत्तलखान्यात राबणाऱ्या रोमानियन मजुरांवर केली. मंत्र्यांनी समिती नेमली, समितीने कत्तलखान्याला भेट दिली आणि तिथेच जेवली. तुरुंगावर केली, बेकारभत्त्यावर जगणाऱ्यांवर केली, रात्रीच्या निवाऱ्यात झोपणाऱ्यांवर केली. एकोणीस फिल्मा. समाज फारसा सुधारला नाही, पण वीबकेची सिगरेट सुटली. बक्षिसं बरीच मिळाली. ती काचेची असतात आणि जड असतात. त्यातलं एक तिच्या हाम्बुर्गच्या स्वयंपाकघराचं दार आपटू नये म्हणून खाली लावलेलं आहे.

तिचा एक नियम होता: जो बोलतोय, त्याला आपला आवाज भरला जातोय हे माहीत असलं पाहिजे. बस्स, एवढाच. पण तो तिने बावीस वर्षं फिल्म शाळेत शिकवला. तिकडे त्याला आस्मुसेन नियम म्हणतात. मुलांना परीक्षेत येतो. निल्स नावाच्या एका विद्यार्थ्याने कुंडीत माईक लपवून आपल्या घरमालकाचं बोलणं पकडलं होतं. उत्तम फिल्म होती. वीबकेने त्याला नापास केलं आणि कुंडी परत घेऊन जायला सांगितलं.

आता माझं सांगतो. मी फोल्कमार लीस्के, पूर्व बर्लिनचा. ज्या सरकारी स्टुडिओत मी अठरा वर्षं होतो तो भिंत पडल्यावर बंद झाला. एके दिवशी सकाळी आम्हाला सांगितलं की आता तुम्ही स्वतंत्र आहात. आम्ही चाळीस ध्वनीवाले स्वतंत्र झालो. एकोणचाळीस जण वर्षभर स्वतंत्रच राहिले. मला ब्याण्णव साली वीबकेने बोलावलं, कारण तिला पूर्वेकडच्या सॅक्सनीमध्ये फिल्म करायची होती आणि तिचा पश्चिमेकडचा ध्वनीवाला तिकडच्या बायकांचं बोलणं ऐकून दर वाक्याला "काय म्हणाल्या?" असं विचारत होता.

ओबरग्रुना हे डोंगराच्या कुशीतलं गाव. तिथे बायकांच्या लांब मोज्यांचा कारखाना होता. तो बंद व्हायचा होता, म्हणजे आधी थोडा बंद आणि मग पूर्ण बंद. पहिल्या फेरीत दोनशे बायका काढायच्या होत्या. कोणाला काढायचं याची यादी साहेबांनी स्वतः केली नाही. प्रत्येक विभागाच्या मुकादमीण बाईला करायला लावली. त्या कामगारांना जास्त जवळून ओळखतात म्हणे. शिलाई विभागाच्या मुकादमीण होत्या मार्लीस हेन्शेल. त्यांनी बावीस नावं लिहून दिली होती.

वीबकेची कामाची एक पद्धत होती. पहिले तीन दिवस कॅमेरा पेटीतून काढायचाच नाही. ती नुसती लोकांच्या घरी जाऊन बसायची, बटाटे सोलून द्यायची, पोराबाळांची चौकशी करायची. हेन्शेलबाईंच्या घरी तिने तीन दिवसांत पाच किलो बटाटे सोलले. चौथ्या दिवशी हेन्शेलबाई म्हणाल्या, "आता करा बाई तुमचं ते शूटिंग. माझ्याकडे सोलायला काही उरलं नाही."

त्या राहायच्या कारखान्याच्या वसाहतीत, दुसऱ्या मजल्यावर. चौथ्या मजल्यावर ट्राउडेल व्यून्शे. दोघी बावीस वर्षं शेजारशेजारच्या शिलाई मशीनवर बसलेल्या. रोज चार वाजता ट्राउडेलबाई खाली कॉफीला यायच्या आणि कॉफीला नावं ठेवायच्या. त्या भागात कपांच्या तळाशी आतून फुलं रंगवलेली असतात. कॉफी पाणचट असली की भरलेल्या कपातूनही ती दिसतात. हेन्शेलबाई काटकसरी. त्यांच्याकडे कॉफी प्यायची म्हणजे बाग बघायची, असं अख्खा जिना म्हणायचा.

त्या दिवशी दिवाणखान्यात मुलाखत झाली. हेन्शेलबाई यादीबद्दल एक अक्षर बोलल्या नाहीत. मोज्यांबद्दल बोलल्या, सुईबद्दल बोलल्या, नवऱ्याच्या दम्याबद्दल बोलल्या. वीबकेने दोनदा विषय काढला. त्या दोन्ही वेळा म्हणाल्या, "ते झालं ते झालं." तीनच्या सुमारास वीबकेने खूण केली, पुरे. हेन्शेलबाई उठल्या आणि कॉफी टाकायला स्वयंपाकघरात गेल्या. तिथे त्यांची बहीण सिगलिंडे कप पुसत होती.

मी माझं मिनिट मागितलं. टेपवर बोललो, "दिवाणखाना, शांतता, एक मिनिट." सगळे थिजले.

आणि हेडफोनमधून माझ्या डाव्या कानात नळाचं पाणी पडायला लागलं. हेन्शेलबाईंच्या छातीशी लावलेला छोटा माईक मी काढलाच नव्हता. पाहुणा खुर्चीतून उठला की आधी माईक काढायचा, ही आमच्या धंद्याची पहिली पायरी. स्टुडिओत पहिल्याच आठवड्यात शिकवतात. मी अठरा वर्षांचा जुना माणूस, पण पश्चिमेकडच्या लोकांसमोर आपली शांतता किती नेटकी हे दाखवायच्या नादात विसरलो. हात दाखवून अवलक्षण म्हणतात ते हे.

उजव्या कानात आणखी एक घरघर. कॅमेरावाला योखेन माझ्या मिनिटात कॅमेरा चालवत होता. त्या घरांमध्ये दिवाणखाना आणि स्वयंपाकघर यांच्यामधल्या भिंतीत ताटं द्यायला एक झरोका असतो. त्यातून हेन्शेलबाईंची पाठ दिसत होती आणि योखेनला पाठी फार आवडायच्या. एरवी मी त्याच्यावर खेकसलो असतो. पण डाव्या कानात हेन्शेलबाई बोलायला लागल्या होत्या.

"ट्राउडेलचं नाव मी सगळ्यात वर लिहिलं, सिगे. पहिलं. तिचं एकदा लिहून टाकलं, मग बाकीची लिहिताना हात थरथरला नाही."

सिगलिंडे म्हणाली, "तिला सांगितलंस?"

"नाही. सांगेन. आज नाही." मग जरा वेळ नुसता नळ. मग: "घाल गं अजून एक चमचा. चारला ती येतेय, परत म्हणेल फुलं दिसतात."

मी तोंड उघडून "थांबा" म्हणू शकत होतो. एक शब्द. खोलीतले सगळे माझ्याकडे बघत होते, कोणी हलत नव्हतं, कारण मीच हलू नका म्हणून सांगितलं होतं. मी घड्याळ बघत राहिलो. मिनिट पूर्ण झालं. मी म्हणालो, "धन्यवाद."

हेन्शेलबाई किटली घेऊन बाहेर आल्या. ॲप्रन सारखा करताना त्यांच्या हाताला वायर लागली. "अरे देवा! हे अजून लटकतंय होय माझ्या अंगावर? चालू होतं की काय?"

मी म्हणालो, "छे, बंद होतं, हेन्शेलबाई."

टेप अजून फिरत होती.

नंतर दारात त्यांनी परवानगीच्या कागदावर सही केली. त्या कागदावर लिहिलेलं असतं की जे काही चित्रित झालं ते वापरायला हरकत नाही. ते कोणी वाचत नाही. चार वाजता आम्ही जिना उतरत असताना ट्राउडेलबाई वरून खाली येत होत्या, हातात आलुबुखाराच्या केकचं ताट. आम्हाला म्हणाल्या, "पळा पळा, कॉफी व्हायच्या आत पळा."

महिन्याभराने हाम्बुर्गला संकलनाच्या टेबलावर वीबकेने तो तुकडा ऐकला. पाठ दिसतेय, झरोक्यात पाणी वाहतंय, आणि तो आवाज. तिने मशीन थांबवलं. मला म्हणाली, "माईक चालू आहे हे त्यांना माहीत होतं?"

तिने सरळ विचारलं होतं. नाही म्हणालो असतो तर तिने तो तुकडा तिथेच कचऱ्यात टाकला असता, आणि तिला नवा ध्वनीवाला शोधावा लागला असता. शिवाय, आता लपवण्यासारखं काय राहिलंय, तो माझ्या आयुष्यातला सगळ्यात स्वच्छ आवाज होता.

"हो," मी म्हणालो. "मी सांगितलं होतं त्यांना."

टेपचा शेवटचा भाग, "बंद होतं"वाला, मी तिच्यासाठी उतरवूनच दिला नव्हता. पुसलाही नव्हता. ध्वनीवाले काही पुसत नाहीत. तो आमचा धर्म आहे आणि खोडही.

फिल्मचं नाव 'एक जोड मोजे'. टीव्हीवर लागली, मागून चर्चा झाली. त्या चर्चेत कोणीतरी विचारलं की असं बोलायला लोक तयार कसे होतात. वीबके म्हणाली, "हेन्शेलबाईंना माईक चालू असल्याचं पूर्ण माहीत होतं. त्या कॅमेऱ्याकडे पाठ करून सगळ्या देशाला सांगत होत्या. याला मी धैर्य म्हणते." टाळ्या पडल्या. तो झरोका पुढे पुस्तकांत गेला, शाळांमध्ये गेला. आस्मुसेन नियमाचं उदाहरण म्हणून तोच दाखवतात.

चौथ्या मजल्यावर ट्राउडेलबाईंनीही ती चर्चा पाहिली. यादीचं त्यांना तेवढं लागलं नाही. वर्षाच्या आत कारखानाच बंद झाला, हेन्शेलबाईसुद्धा घरी बसल्या. लागलं ते दुसरंच. जी गोष्ट मार्लीस सगळ्या जर्मनीला समजून उमजून सांगत होती, ती तिने चार वाजता समोर बसून, केक खाताना, आपल्याला सांगितली नाही. त्या दिवसापासून चौथ्या मजल्यावरून दुसऱ्या मजल्यावर कोणी कॉफीला गेलं नाही.

हेन्शेलबाईंनी त्या वेळी वीबकेला एक पत्र लिहिलं होतं, माईक चालू असल्याचं आपल्याला माहीतच नव्हतं म्हणून. वीबके तेव्हा तुरुंगात होती, म्हणजे तुरुंगावरच्या फिल्मसाठी. तिने आठवणीने उत्तर पाठवलं: धैर्य दाखवून झाल्यावर माणसाला त्याची भीती वाटते, हे मी पुष्कळ पाहिलं आहे, तुम्ही स्वतःला कमी लेखू नका. हे पत्र तिने पाठवण्याआधी मला वाचून दाखवलं होतं. मी म्हणालो होतो, छान आहे.

एकतीस वर्षं गेली. योखेन वारला. वीबके अठ्ठ्याहत्तरची झाली, मी बहात्तरचा. एका मोठ्या महोत्सवाने तिला आयुष्यभराच्या कामासाठी पुरस्कार जाहीर केला, हा पितळेचा. त्यानिमित्त 'एक जोड मोजे' धुऊनपुसून नवी करायची ठरली. मूळ टेपा माझ्याकडे, म्हणून मी पेटी घेऊन हाम्बुर्गला गेलो. वीबके स्वयंपाकघरात पावाबरोबर खारवलेला मासा खात बसली होती. समोर एक पत्र.

"ओबरग्रुनाहून आलंय," ती म्हणाली. "वाच. मोठ्याने वाच, माझा चष्मा कुठे आहे कोण जाणे."

चष्मा तिच्या कपाळावर होता. मी वाचलं.

"आस्मुसेनबाई, तुमची फिल्म नवी करताय असं पेपरात आलंय. करा. काही कापू नका, मी बोलले ते बोलले. मला फक्त एक कागद द्या, की माईक चालू आहे हे हेन्शेलला माहीत नव्हतं. खाली सही करा. एकतीस वर्षं मी ट्राउडेलला हे सांगतेय, जिन्यात, बंद दारातून, नाताळच्या कार्डावर. तिने मुलीकरवी एकदाच निरोप पाठवला, की टीव्हीवरच्या त्या बाई खोटं कशाला बोलतील, त्यांना काय मिळणार?  आमची इमारत पाडणार आहेत. एप्रिलमध्ये ट्राउडेल मुलीकडे श्टुटगार्टला जातेय, कायमची. त्याआधी कागद मिळाला तर बरं होईल. तुम्ही बटाटे छान सोलायचात."

वीबकेने पाव खाली ठेवला. "बिचारी. वय झालं की आठवणी आपल्याला सोयीच्या होतात. पण खोट्या कागदावर मी सही कशी करणार? तुला तर पक्कं आठवतंय ना, फोल्कमार? तू सांगितलं होतंस त्यांना."

खाई त्याला खवखवे. माझा घसा एकतीस वर्षं खवखवत होता, फक्त कोणी नेमकं विचारलं नव्हतं. मी पेटी उघडली, जुना टेपरेकॉर्डर टेबलावर ठेवला, मासा बाजूला सारला आणि ते रीळ लावलं.

"दिवाणखाना, शांतता, एक मिनिट."

ती ऐकत राहिली. यादी, नळ, कॉफीचा चमचा. मग "धन्यवाद". मग "चालू होतं की काय?" मग "छे, बंद होतं, हेन्शेलबाई."

"परत लाव," वीबके म्हणाली.

मी चार वेळा लावलं. मग ती उठली आणि सिंकमधला एक धुतलेला कप पुन्हा धुतला. पाठ माझ्याकडे. बराच वेळ धूत होती.

"त्या पोराचं नाव काय होतं रे? कुंडीवाला?"

"निल्स. आता जाहिराती करतो. समुद्रकाठी घर बांधलंय."

"बरं झालं त्याचं." कप ठेवून ती वळली. "तेव्हा का नाही बोललास?"

"काम हवं होतं."

"ते एक वर्ष. उरलेली तीस?"

"लाज वाटत होती," मी म्हणालो. "नंतर नंतर तर इतकी वाटायला लागली, की सांगण्यापेक्षा तुझ्याबरोबर आणखी एक फिल्म करणं सोपं वाटायचं."

"म्हणजे माझ्या अर्ध्या फिल्मा तुझ्या लाजेने झाल्या."

"ध्वनी चांगला होता त्यांचा."

तिने माझ्याकडे रोखून पाहिलं. मग म्हणाली, "आणि ही कॉफीची ओळ? फुलांची? ही फिल्ममध्ये का नाही?"

"ती तू कापलीस."

"मी?"

"तू म्हणालीस, याने दृश्य मऊ पडतं. हात थरथरला नाही, इथेच संपलं पाहिजे."

ती खुर्चीत बसली. एकतीस वर्षांत मी तिला कोणापुढे खाली मान घातलेली पाहिली नव्हती. टेबलावरच्या माशाकडे बघत बसली.  ती ओरडली असती तर सोसलं असतं.

"आपण कागद लिहू," मी म्हणालो. "दोघं सही करू. मी स्वतः नेऊन देतो."

"आणि ट्राउडेलबाईंनी तो एकटीने चौथ्या मजल्यावर वाचायचा? आणि मी इकडे पितळी बाहुली घेऊन नियमावर भाषण ठोकायचं? नाही. मी ते सगळ्या देशासमोर म्हणाले होते. परत घ्यायचं तेही सगळ्यांसमोर." तिने कपाळावरचा चष्मा शोधून काढला. "शेवटपर्यंतची टेप फिल्ममध्ये घालायची. फुलं, धन्यवाद, आणि तुझं ते 'बंद होतं'. सगळं."

"चित्र नाहीये त्याला. योखेनने यादीच्या वाक्यानंतर लगेच कॅमेरा बंद केला होता."

"मग काळा पडदा राहील. बघू दे लोकांना काळा पडदा."

"माझं नाव देणार?"

"नाव कशाला? आवाज आहे ना. तू ध्वनीवाला आहेस."

फिल्म नवी करून देणाऱ्या संग्रहालयाचे लोक म्हणाले की जुनी फिल्म नवी करणं म्हणजे ती जशी होती तशी ठेवणं. वीबके म्हणाली, "तशीच करतेय. आत्तापर्यंत ती तशी नव्हती." महोत्सवाला सविस्तर कळवलं. त्यांचं उत्तर आलं की पुरस्काराबाबत पुन्हा विचार चालू आहे. तो अजून चालू आहे. फिल्म शाळेने विचारलं की नियमाला आता काय म्हणायचं. तिने कळवलं, नियम चांगला आहे, नाव काढा.

नवी फिल्म पहिल्यांदा ओबरग्रुनाच्या सभागृहात दाखवायची, असं तिने ठरवलं. मार्चचा मधला शनिवार, दुपारी दोन. दीडशे खुर्च्या आणि सगळ्या भरलेल्या, कारण त्या गावात शनिवारी दुसरं काही नसतं. वीबकेने मला मधोमध बसवलं, पळता येऊ नये म्हणून. हेन्शेलबाई तिसऱ्या रांगेत, कडेला. त्या लहान झाल्या होत्या, कोटात बुडालेल्या. ट्राउडेलबाईंना आम्ही वेगळं आमंत्रण पाठवलं होतं. दोन वाजले, त्या आल्या नाहीत. हेन्शेलबाई दर मिनिटाला मागे वळून बघत होत्या आणि मग केस नीट केल्यासारखं करत होत्या. दिवे मालवता मालवता दार उघडलं. ट्राउडेलबाई मुलीचा हात धरून आत आल्या आणि शेवटच्या रांगेत बसल्या. कोट काढला नाही.

झरोका आला. पाठ आली. "मग बाकीची लिहिताना हात थरथरला नाही." इथे पूर्वी दृश्य संपायचं आणि कारखान्याचं फाटक दिसायचं. आता पडदा काळा झाला. दीडशे माणसं अंधारात बसून सिगलिंडेला ऐकत होती. तिला सांगितलंस? नाही. सांगेन. आज नाही. घाल गं अजून एक चमचा. कोणीतरी हसलं, म्हाताऱ्या बाईचा आवाज होता, आणि लगेच थांबलं. मग बहात्तर वर्षांच्या माणसाचा चाळीस वर्षांचा असतानाचा आवाज आला, गोड, घाईतला, नोकरी हवी असलेला. "छे, बंद होतं, हेन्शेलबाई." तो सभागृहाच्या चारी कोपऱ्यांतून आला. ध्वनीयंत्रणा मीच लावली होती, उत्तम लावली होती. मला जमिनीत गडप व्हावंसं वाटलं.

फिल्म संपल्यावर वीबके पुढे जाऊन उभी राहिली. दिवसाच्या नऊ वाक्यांपैकी तिने पाच खर्च केली. "हेन्शेलबाईंना माहीत नव्हतं. माहीत होतं असं मी टीव्हीवर म्हणाले. ते खोटं होतं. मी एकाच माणसाला विचारलं होतं, आणि त्याला माझ्याकडे काम हवं होतं. चांगली ओळ मीच कापली." मग म्हणाली, "काही प्रश्न?"

 गरम पाण्याच्या नळ्या ठकठक करत होत्या. कोणाचा तरी बूट करकरला. बाहेर बस थांबून निघून गेली. माझ्या हातात टेप नव्हता, आणि उजवा अंगठा सवयीने बटण शोधत होता.

मागून खुर्ची सरकली.

"तो ध्वनीवाला आलाय का?" ट्राउडेलबाई म्हणाल्या.

मी हात वर केला.

"उभे राहा."

मी उभा राहिलो. त्यांनी मला डोक्यापासून पायापर्यंत पाहिलं.

"म्हातारे झालात."

"हो."

"बरं झालं. बसा."

मी बसलो. त्या उभ्याच होत्या. त्यांची मुलगी कोटाची बाही ओढत होती, ती त्यांनी सोडवून घेतली. तिसऱ्या रांगेत हेन्शेलबाई आता मागे वळत नव्हत्या. मान ताठ, हात मांडीवर, समोर काळ्या पडद्याकडे बघत होत्या.

"मार्लीस," ट्राउडेलबाई म्हणाल्या. "त्या दिवशी चारला आले होते मी. चमचा जास्त घातलास ना? तरी फुलं दिसत होती."

हेन्शेलबाई न वळताच म्हणाल्या, "अर्धाच घातला होता."

"अर्धाच! मला वाटलंच."

"महाग होती तेव्हा कॉफी."

"आता किती वाजलेत गं?" ट्राउडेलबाईंनी मुलीला विचारलं.

पावणेचार वाजले होते. दोघी सभागृहातून वेगवेगळ्या दारांनी निघाल्या, पण बाहेर रस्ता एकच होता. आम्हाला कोणी बोलावलं नाही, ते बरोबरच होतं. परतीच्या गाडीत वीबकेने विचारलं, "भरून घेतलंस का रे ते?" मी नाही म्हणालो. ती म्हणाली, "मूर्ख," आणि ड्रेस्डेन येईपर्यंत खिडकीबाहेर बघत राहिली.

इमारत मे महिन्यात पाडली. ट्राउडेलबाई ठरल्याप्रमाणे पाच एप्रिललाच श्टुटगार्टला गेल्या. मुलीने खोली घेऊन ठेवली होती, तारीख बदलण्यासारखी नव्हती. हेन्शेलबाईंनी मला एक कार्ड पाठवलं. त्यात माफी वगैरे काही नव्हतं, मी मागितलीही नव्हती, धीर झाला नव्हता. त्यात एवढंच होतं की त्या शनिवारपासून निघायच्या आदल्या दिवसापर्यंत ट्राउडेल रोज चारला खाली आली, एकही दिवस चुकली नाही, आणि कॉफी त्यांनी इतकी कडक केली की शेवटच्या आठवड्यात दोघींना झोप लागेना. खाली लिहिलं होतं, वीस दुपारी मिळाल्या, आस्मुसेनबाईंना सांगा.

मी वीबकेला फोन करून वाचून दाखवलं.  मी घड्याळ पाहिलं नाही, पण मिनिटभर तरी ती गप्प होती, आणि तिच्या स्वयंपाकघरात नळ चालू होता.